बाबांना नऊ महिने उरलेत. पदोन्नतीसाठी मॅटमध्ये (महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरण, सरकारी नोकरांचं कोर्ट) जावं का?

फौजदाराची_लेक
नमस्कार मंडळी. इतकी वर्षं इथे नुसती वाचत होते, आज पहिल्यांदा धागा काढतेय. चुकलं तर सांभाळून घ्या.

बाबा पुणे शहरात सहायक फौजदार आहेत. १९९० ला शिपाई म्हणून भरती झाले. २०१३ ची उपनिरीक्षकपदाची, म्हणजे फौजदार व्हायची, खात्यांतर्गत पात्रता परीक्षा पास आहेत. तेव्हा मी आठवीत होते. घरी पेढे वाटले आणि आई सगळ्यांना सांगत सुटली की वर्षभरात फौजदारीण होणार म्हणून. आता माझं लग्न होऊन मुलगी बालवाडीत जाते, आई अजून तिथेच. येत्या मे अखेरीस बाबा निवृत्त होतील.

मधल्या काळात याद्या लागल्या, थांबल्या, नव्याने लागल्या. गेल्या महिन्यात आलेल्या ज्येष्ठता यादीत बाबांचं नाव अपेक्षेपेक्षा बरंच खाली आहे. त्यांच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर आता मॅटमध्ये जायचं चाललंय. माणशी पाच हजार वर्गणी, वकील ठरलेत, सह्या गोळा करताहेत. बाबा ना हो म्हणत ना नाही. रोज रात्री ती पीडीएफ उघडून बसतात. शेवटी मी प्रिंट काढून दिली, तर आता फुटपट्टी लावून एकेक ओळ वाचतात.

कोणाला अनुभव आहे का? नऊ महिन्यांत काही हाती लागतं का? की पाच हजार गेले आणि मनस्ताप वर?

सदाशिवपेठी_अण्णा
पाच हजारांत पुण्यात बरा चष्मा येत नाही, वकील कुठला मिळाला?

रामटेकडीकर
अण्णा, तीनशे जणांचे पाच हजार. हिशेब करा मग हसा.

ताई, मी एसआरपीतून (राज्य राखीव पोलीस दलातून) निवृत्त झालो. आमच्याकडची यादी वेगळी, दुखणं तेच. मॅटच्या तारखांना आम्ही चौघं जायचो. सव्वासातची डेक्कन क्वीन, डबे घरचे. बोर्डावर आमचा नंबर सत्त्याऐंशी आणि दुपारच्या सुट्टीपर्यंत बावीसवर गाडी अडलेली. संध्याकाळी पुढची तारीख घेऊन परत. असं सहा वर्षं. निकाल आमच्या बाजूने लागला तेव्हा चौघांतले तिघे निवृत्त होते आणि एक वारला होता.

तरी सांगतो, जा. न जाणाऱ्याला काहीच मिळत नाही.

कलम_सोळा
मी सेवाविषयक प्रकरणं बघते, पण हा सल्ला नव्हे, माहिती समजा.

पदोन्नती हा कोणाचाच हक्क नाही. पदोन्नतीसाठी विचार होणं हा मात्र हक्क आहे, घटनेच्या कलम १६ मधून आलेला. सर्वोच्च न्यायालयाने १९९९ च्या अजितसिंग प्रकरणात तो मूलभूत हक्कच म्हटलाय. त्यामुळे 'मला फौजदार करा' अशी मागणी करून भागत नाही. माझा विचार चुकीच्या यादीवरून झाला, किंवा झालाच नाही, असं दाखवावं लागतं.

दुसरं, मॅटमध्ये सरळ धावत जाता येत नाही. आधी खात्याकडे निवेदन द्यायचं. सहा महिने उत्तर आलं नाही तर तिथून पुढे एक वर्षाची मुदत. १९८५ च्या प्रशासकीय न्यायाधिकरण कायद्यातच हे आहे. निकड असेल तर सहा महिन्यांआधीही दाद मागता येते, कारण त्या कलमात 'सामान्यतः' असा शब्द आहे आणि आमची अर्धी रोजीरोटी त्या शब्दावर चालते.

म्हणून पहिला प्रश्न: नाव खाली गेलं ते का? नियमामुळे की चुकीमुळे? ही दोन अगदी वेगळी भांडणं आहेत.

आगाऊ_कार्टी
पोलिसांनी न्याय मागायला रांगेत उभं राहायचं, यात काहीतरी काव्य आहे.

खाकी_जिंदगी
@आगाऊ_कार्टी, विसर्जनाला अलका चौकात छत्तीस तास उभा राहून दाखव, मग काव्य वाच.

ताई, तुमच्या बाबांचा बॅच मला माहीत आहे, नाव विचारत नाही. आमच्या खात्यात फौजदार व्हायला तीन दारं. १९९५ च्या सेवाप्रवेश नियमांप्रमाणे निम्म्या जागा एमपीएससीच्या सरळसेवेने (थेट भरतीने), पाव जागा खात्यातल्याच लोकांच्या मर्यादित विभागीय परीक्षेने आणि उरलेल्या पाव जागा आमच्यासारख्या पात्रता पास झालेल्यांना ज्येष्ठतेने. भांडण तिसऱ्या दाराशी सगळ्यात जास्त, कारण तिथली रांग सगळ्यात लांब. ज्येष्ठता भरतीच्या तारखेपासून धरायची की परीक्षा पास झाल्यापासून, यावरून एकाच चौकीत दोन टोळ्या आहेत. चहा एकत्र पितात, ग्रुप वेगळे.

आणि पगार म्हणाल तर फरक नावाचाच. दहा-वीस-तीस वर्षांची आश्वासित प्रगती योजना आहे, वरची वेतनश्रेणी मिळूनच जाते. भांडण पैशाचं नाही. एका स्टारचे दोन स्टार व्हावेत, इतकंच.

सरळसेवेवाला
दुसरी बाजूही ऐका. मी सरळसेवेने फौजदार झालो. नवी पेठेतल्या अभ्यासिकेत पाच वर्षं काढली. एका खोलीत सहा जण, मेसचा डबा दोघांत. जाहिरातीपासून नेमणुकीपर्यंत इतका वेळ गेला की मधल्या काळात खात्यातून बढती मिळालेले आमच्या वर जाऊन बसले. जागा आमच्या कोट्यातली, उशीर सरकारचा, आणि ज्येष्ठता आमची गेली. हा कुठला न्याय?

कलम_सोळा
@सरळसेवेवाला, नेमकं हेच भांडण मणिपूर पोलिसांत झालं आणि दिल्लीपर्यंत गेलं. तिथले बढतीवाले १ मार्च २००७ ला रुजू झाले, सरळसेवेवाले त्याच वर्षी ऑगस्ट आणि नोव्हेंबरमध्ये. सरळसेवेवाल्यांचं म्हणणं तुमचंच: जागा ज्या वर्षी रिकामी झाली तिथून आमची ज्येष्ठता धरा. १९ नोव्हेंबर २०१९ ला मेघाचंद्र सिंग प्रकरणात सर्वोच्च न्यायालय म्हणालं, नाही. माणूस संवर्गात (त्या पदावरच्या लोकांच्या गटात) जन्माला यायच्या आधीची ज्येष्ठता त्याला देता येत नाही. २०१२ चा उलटा निकाल तिथे मोडला, मात्र आधी कायम झालेल्या ज्येष्ठतेला हात लावला नाही.

आपल्याकडेही १९९० मध्ये महाराष्ट्राच्याच अभियंत्यांच्या प्रकरणात घटनापीठाने सांगितलंय की नियमाप्रमाणे नेमणूक झाली असेल तर ज्येष्ठता नेमणुकीपासून मोजायची. तात्पुरती, नियम सोडून केलेली बढती असेल तर तो काळ धरायचा नाही.

सरळसेवेवाला
म्हणजे उशीर करणारा मोकळा आणि ज्याला उशीर झाला तो मागे. बरंय.

सदाशिवपेठी_अण्णा
मणिपूरपर्यंत गेलात, आता धाग्याचं नाव बदलून भारतदर्शन ठेवा.

तळेगावचा_जवान
अण्णा, मग आमचाही डबा जोडा गाडीला. मी सीआरपीएफमध्ये. आमच्या अधिकाऱ्यांची अडचण वेगळीच: वरच्या खुर्च्यांवर प्रतिनियुक्तीने, म्हणजे दुसऱ्या सेवेतून उसने, आयपीएस येतात आणि दलातला माणूस कमांडंट व्हायच्या आत केस पिकतात. २३ मे २०२५ ला सर्वोच्च न्यायालयाने या प्रतिनियुक्त्या टप्प्याटप्प्याने, दोन वर्षांच्या आत कमी करा असा निकाल दिला. मी साधा हवालदार, मला त्यातून काही मिळणार नाही. पण मेसमध्ये त्या दिवशी गुलाबजाम होते.

निळी_शाई
इतक्या प्रतिक्रिया झाल्या आणि आरक्षण शब्द अजून कोणी काढला नाही. म्हणून मीच काढतो.

प्रशासक_मदतनीस
हातात छडी घेऊन बसलोय. सांभाळून लिहा.

निळी_शाई
सांभाळूनच लिहितो. २५ मे २००४ च्या शासन निर्णयाने राज्यात पदोन्नतीत ३३ टक्के आरक्षण आलं. मॅटने २०१४ मध्ये आणि मुंबई उच्च न्यायालयाने ४ ऑगस्ट २०१७ ला तो निर्णय रद्द ठरवला. प्रकरण सर्वोच्च न्यायालयात गेलं. मग सरकारचे एकामागून एक शासन निर्णय. ७ मे २०२१ च्या निर्णयाने सगळी पदं २५ मे २००४ च्या स्थितीनुसार ज्येष्ठतेने भरायची ठरवली. म्हणजे आमच्या मागासवर्गीय माणसाने २००४ नंतर मिळवलेली जागा त्या रांगेत मोजायचीच नाही.

माझा मित्र २०१८ च्या त्या १५४ जणांत होता. मर्यादित विभागीय परीक्षा पास, नाशिकच्या अकादमीत नऊ महिने घाम गाळला, दीक्षांत संचलन झालं, घरच्यांनी फोटो काढले. आणि मॅटच्या निकालापायी हातात मूळ पदावर परत जायचा आदेश. त्याने खांद्यावरचे दोन स्टार काढले ते बसमध्ये. म्हणाला, स्टँडवर कोणी सलाम ठोकला तर काय करू?

खाकी_जिंदगी
तुमच्या मित्राबद्दल वाईट वाटतं, मनापासून. पण २००४ ते २०१७ या काळात माझ्यानंतर भरती झालेला माझा साहेब झाला, हेही खरं ना? त्याच्याशी माझं वैर नाही. नियम करताना आकडेवारी गोळा करायला नको? २००६ च्या नागराज निकालापासून न्यायालय हेच सांगत आलंय.

निळी_शाई
आकडेवारी गोळा करायची कोणी? सरकारने. नाही केली कोणी? सरकारने. भुर्दंड कोणाला? शिपायाला. तुमच्याही आणि माझ्याही. २०१८ च्या जर्नेलसिंग निकालाने मागासलेपण पुन्हा सिद्ध करायची अट काढली, पण प्रतिनिधित्व कमी आहे हे दाखवायची अट ठेवली. २०२२ ला सांगितलं की ती आकडेवारी संवर्गनिहाय हवी. म्हणजे फौजदारांच्या संवर्गात किती, हे मोजा. मोजायला काय गणिताचा प्राध्यापक लागतो?

खाकी_जिंदगी
हे मात्र खरं. आमच्या हजेरीपटावर रोज मोजतात की.

प्रशासक_मदतनीस
छडी खाली ठेवतोय. एवढ्या शांतपणे या विषयावर इथे पहिल्यांदाच बोललं गेलं असेल.

आगाऊ_कार्टी
स्क्रीनशॉट काढून ठेवलाय.

पाषाणची_मावशी
माझ्या भावाचं सांगते. ज्येष्ठतेत नाव वर, गोपनीय अहवाल चांगले, पण एका जुन्या प्रकरणात विभागीय चौकशी. पदोन्नती समितीने त्याचा निष्कर्ष मोहोरबंद पाकिटात ठेवला. पाकीट उघडायचं चौकशी संपल्यावर. चौकशी काही संपेना, एक अधिकारी बदलला, दुसरा आला, साक्षीदार निवृत्त झाला. भाऊ घरात पाकीट शब्द ऐकला तरी चिडायचा. राखीला त्याला पाकिटात पैसे घालून देऊ नको म्हणून वहिनीने मला बजावलं होतं.

कलम_सोळा
मावशी, पाकिटाचं एक लक्षात ठेवा. १९९१ च्या जानकीरामन निकालाप्रमाणे दोषारोपपत्र दिलेलं असेल तरच पाकीट. नुसती प्राथमिक चौकशी चालू आहे, कुणीतरी अर्ज केलाय, एवढ्यावर बढती अडवता येत नाही. कितीतरी ठिकाणी सर्रास अडवतात.

पाषाणची_मावशी
दोषारोपपत्र दिलं होतं हो. पुढे पूर्ण निर्दोष सुटला. मानीव दिनांक मिळाला.

आगाऊ_कार्टी
मानीव दिनांक म्हणजे?

रामटेकडीकर
म्हणजे तू अमुक तारखेला फौजदार झाला होतास असं मानायचं. तू नव्हतास, पण मानायचं. वेतन काल्पनिक रीतीने निश्चित करायचं, त्यावर पेन्शन सुधारायची. मधल्या वर्षांची थकबाकी बहुतेकदा देत नाहीत, काम केलं नाही म्हणून. करू दिलं नाही हे कोणी बघत नाही. आम्हा तिघांना निवृत्तीनंतर हेच मिळालं. पेन्शन थोडी वाढली. मी घरच्या दरवाजावरच्या पाटीवर पद रंगवून घेतलं. रंगाऱ्याने 'निवृत्त' शब्दात वेलांटी चुकवली, तशीच आहे.

कलम_सोळा
थकबाकीचं थोडं दुरुस्त करते. कर्मचारी तयार होता आणि खात्याच्या चुकीमुळे त्याला दूर ठेवलं, तर 'काम नाही, दाम नाही' हे सरसकट लावता येत नाही, असं त्याच जानकीरामन निकालात आहे. पण ते भांडून घ्यावं लागतं.

ग्रामीणचा_पाहुणा
मी ग्रामीणमधून विनंती बदलीने शहरात आलो, आईचं आजारपण होतं. दुसऱ्या घटकात (जिल्ह्याच्या किंवा शहराच्या पोलीस दलात) गेलं की यादीत तळाला. सोळा वर्षांची नोकरी आणि माझ्या वर काल मिसरूड फुटलेली पोरं. सही करून आलो होतो, तक्रार कोणाकडे करणार? २०१८ ला पिंपरी-चिंचवड आयुक्तालय झालं तेव्हा चौकीत सगळ्यांच्या तोंडी एकच विषय होता, तिकडे गेलं तर नंबर कितवा लागतो.

सदाशिवपेठी_अण्णा
आमच्या सोसायटीत पार्किंगचा नंबर लागायला अकरा वर्षं लागली. लागला तेव्हा मी गाडी विकली होती. तुम्हा मंडळींचं दुःख मला आतून कळतंय.

खाकी_जिंदगी
अण्णा, तुमची कुठलीही गोष्ट पार्किंगवरच येते.

ताईंनी अजून एक लक्षात घ्यावं. बढती आली तरी महसुली विभाग कुठला मिळतो ते बघा. शेवटच्या सहा महिन्यांसाठी नागपूर विभाग मिळाला तर? आमच्या ओळखीत दोघांनी याच कारणाने लेखी नकार दिला. बायको म्हणाली, स्टार इथेच ठेवा आणि तुम्ही पण.

फौजदाराची_लेक
सगळ्यांचे आभार. चार दिवस इथलं वाचून बाबांना सांगत होते. त्यांना रामटेकडीकर काकांची वेलांटी फार आवडली.

कलम_सोळा ताई, तुम्ही 'का' विचारलं होतं. काल फुटपट्टी थांबली. यादीत भरतीचा दिनांक १ जून १९९० ऐवजी १ डिसेंबर १९९० पडलाय. सेवापुस्तकात बरोबर आहे. कोणीतरी सहाचा बारा केला. या सहा महिन्यांत भरती झालेले सगळे बाबांच्या वर गेलेत.

आता खरी अडचण. बाबा का गप्प होते ते कळलं. ग्रुपच्या वकिलांनी सांगितलंय की ज्यांची नावं खाली जातील त्या सगळ्यांना प्रतिवादी करावं लागेल. त्यात आमच्या शिवाजीनगर लाईनीतल्या शेजारच्या खोलीतले काका आहेत. बाबांचे जोडीदार. पस्तीस वर्षं एकत्र बंदोबस्त केलेत. माझ्या लग्नात मांडवाच्या दारात उभे राहून पाहुण्यांची नावं त्यांनी घेतली. बाबा म्हणाले, "त्याच्या घरी नोटीस जाईल, माझ्या नावाने, आणि ती द्यायला आपलाच कुणीतरी शिपाई जाईल."

रामटेकडीकर
हे खरं दुखणं. आम्हा चौघांशीही एका प्रतिवादीने बोलणं टाकलं होतं. तो वारला त्या दिवशी मी गेलो नाही. जायला हवं होतं.

कलम_सोळा
ताई, तुमचं प्रकरण ग्रुपच्या प्रकरणात मिसळू नका. ग्रुपचं भांडण नियमाशी आहे, तुमचं टंकलेखनाशी. सरळ निवेदन द्या: यादीतील अनुक्रमांक, चुकीचा दिनांक, सेवापुस्तकाच्या पहिल्या पानाची साक्षांकित प्रत, मूळ नियुक्ती आदेशाची प्रत. यादी तात्पुरती असेल तर हरकती घ्यायची मुदत त्याच पत्रात शेवटी लिहिलेली असते, ती आज रात्रीच बघा. चूक मान्य झाली तर कोणालाही नोटीस जात नाही. निवृत्तीची तारीख ठळक लिहा. निवडसूचीचं (बढतीसाठी निवडलेल्यांच्या यादीचं) वर्ष १ सप्टेंबर ते ३१ ऑगस्ट, त्यामुळे या सूचीत बसायला वेळ आहे, पण फार नाही.

सरळसेवेवाला
आणि नियुक्ती आदेश सामूहिक असेल. त्यात तुकडीतल्या सगळ्यांची नावं एकाखाली एक असतात. तो मिळाला तर वादच संपला.

फौजदाराची_लेक
मुदत येत्या शुक्रवारपर्यंतच आहे! आदेशाची बाबांची प्रत पानशेतच्या नव्हे, आमच्या १९९७ च्या पावसाळ्यातल्या गळक्या छपराच्या पुरात गेली.

सदाशिवपेठी_अण्णा
मग?

खाकी_जिंदगी
ताई, पुढे?

आगाऊ_कार्टी
मालिकावाल्यांसारखं करू नका हो.

फौजदाराची_लेक
सॉरी, लेकीला ताप होता.

बाबांनी बुधवारी रात्री काकांना सांगितलं. गॅलरीत उभं राहून, दोघंही रस्त्याकडे बघत. काका काही बोलले नाहीत, आत निघून गेले. आईला वाटलं झालं, तुटलं. अर्ध्या तासाने काका पत्र्याची ट्रंक घेऊन आले. आमच्या हॉलमध्ये उघडली. वर त्यांच्या बेल्टचं जुनं बक्कल, खाली पोरांच्या मार्कलिस्टा, त्याखाली प्लॅस्टिकच्या पिशवीत तो आदेश. सायक्लोस्टाइल केलेला, शाई जांभळी. बाबांचं नाव एकोणिसावं. काका त्या यादीत नाहीतच, ते डिसेंबरच्या तुकडीतले. ही प्रत त्यांच्याकडे कशी, तर १९९१ ला बाबांनीच सांभाळायला दिली होती, कारण तेव्हा बाबा बराकीत राहायचे आणि काकांना खोली मिळाली होती. दोघंही विसरले होते.

काका म्हणाले, "झेरॉक्स दोन काढ, एक माझ्याकडे राहू दे. तुझ्याकडे काही टिकत नाही."

गुरुवारी बाबा स्वतः जाऊन निवेदन देऊन आले. ग्रुपवर वर्गणी भरली नाही, तसं सरळ लिहून टाकलं. दोघांनी बाबांना ग्रुपमधून काढलं, संध्याकाळी एकाने परत घेतलं.

कलम_सोळा
पोच घेतली का? आवक क्रमांक, शिक्का, तारीख?

फौजदाराची_लेक
घेतली. शिक्का जरा पुसट आहे. बाबांनी लिपिकाला परत मारायला लावला, म्हणून दोन आहेत.